२३ सप्टेंबरची सरळ सावली

सप्टेंबरचा तिसरा आठवडा उलटला की व्हॉट्सअ‍ॅपवर तो निरोप फिरू लागतो: आज दिवस आणि रात्र अगदी समान, निसर्गात समतोल, आत्मचिंतनाला आणि नव्या कामाला उत्तम दिवस. नवं काम कुणीही कधीही सुरू करावं. शरदातली नवी सुरुवात काय असते हे नागपूरला वेगळं सांगायला नको. १४ ऑक्टोबर १९५६ ची विजयादशमी आणि दीक्षाभूमी इथल्या शाळकरी पोरांनाही ठाऊक आहे. पण निरोपातलं पहिलंच विधान चूक आहे. २३ सप्टेंबरला नागपुरात सूर्य सकाळी ६ वाजून २-३ मिनिटांनी उगवतो आणि संध्याकाळी ६ वाजून ९-१० मिनिटांनी मावळतो. म्हणजे दिवस १२ तास ७ मिनिटांचा, रात्र ११ तास ५३ मिनिटांची.

ही सात मिनिटं येतात कुठून? सूर्याची वरची कड दिसली की आपण सूर्योदय झाला म्हणतो. त्या वेळी बिंबाचा मध्य अजून १६ कला खाली असतो (६० कलांचा एक अंश). शिवाय क्षितिजाजवळ हवा प्रकाशाला वाकवते आणि बिंब ३४ कला वर उचलून दाखवते. दोन्ही मिळून ५० कला. पृथ्वी मिनिटाला १५ कला फिरते, नागपुरात सूर्य थोडा तिरका चढतो, त्यामुळे सकाळी साधारण साडेतीन मिनिटं आणि संध्याकाळी तेवढीच जास्तीची पदरात पडतात. या दिवसांत दिनमान रोज सव्वा मिनिटाने घटतं. हिशेब करा: खरी बरोबरी २८-२९ सप्टेंबरला होते. त्या दिवशी नागपुरात सूर्योदय आणि सूर्यास्त दोन्ही ६ वाजून ४ मिनिटांच्या आसपास असतात.

मग २२-२३ सप्टेंबरला समान काय असतं? त्या दिवशी सूर्याच्या बिंबाचा मध्य आकाशातलं विषुववृत्त (पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या बरोबर वर कल्पिलेली रेषा) ओलांडतो; यालाच संपात म्हणतात. २०२६ मध्ये हा क्षण २३ सप्टेंबरच्या पहाटे ५:३५ ला आहे. सरकारी राष्ट्रीय दिनदर्शिकेत १ आश्विन कायम २३ सप्टेंबरलाच येतो, तो यामुळेच. घटस्थापनेचा याच्याशी संबंध नाही, ती चंद्रावर ठरते: २०२३ मध्ये ती १५ ऑक्टोबरला होती, २०२५ मध्ये २२ सप्टेंबरला. हा समतोल घड्याळात दिसत नाही, पण जमिनीवर स्वच्छ दिसतो. त्यासाठी फक्त एक काठी लागते.

गच्चीवर अशी जागा निवडा जिथे सकाळी नऊ ते दुपारी तीन ऊन अडणार नाही; पूर्वेला आणि पश्चिमेला सव्वा-सव्वा मीटर मोकळी फरशी हवी. एक मीटर उंचीची काठी किंवा सळई विटांमध्ये घट्ट रोवा. टोकाला ४-५ मिलीमीटर भोकाचा वॉशर आडवा चिकटवा आणि भोकाची उंची बरोबर एक मीटर भरते का ते पाहा. वॉशर कशाला? सूर्य बिंदू नाही, अर्ध्या अंशाची तबकडी आहे. त्यामुळे मीटरभर काठीच्या टोकाची सावली दुपारीसुद्धा सेंटीमीटरभर धूसर होते. वॉशरच्या सावलीतला उजेडाचा ठिपका मात्र नेमका असतो. त्याच्या मध्यावर दर वीस मिनिटांनी खडूने खूण करा.

बहुतेकांचं चुकतं ते काठी उभी करताना. गच्चीला पाणी वाहून जायला उतार ठेवलेला असतो. गुण्या लावून काठी फरशीशी काटकोनात उभी केली आणि उतार उत्तर-दक्षिण शंभराला एक असला, तर दुपारची सावली सुमारे ११ मिलीमीटरने चुकते. तीच काठी ओळंब्यात उभी केली तर त्याच उतारावर चूक दीड मिलीमीटर. म्हणून फरशी समतल करण्याची यातायात नको, ओळंबा धरा. सावलीचं मापही काठीच्या बुडापासून नव्हे, भोकातून सोडलेल्या ओळंब्याचं टोक जिथे टेकतं तिथून घ्या.

संध्याकाळी खुणा जोडा. सरळ रेघ मिळेल, बरोबर पूर्व-पश्चिम. इतर दिवशी हाच प्रयोग केला तर वक्र मिळतो, उन्हाळ्यात एकीकडे वळलेला, हिवाळ्यात दुसरीकडे. कारण असं: सूर्यापासून निघून त्या भोकातून जाणारे दिवसभरातले सगळे किरण एकत्र घेतले, तर एरवी त्यांची एक शंक्वाकृती तयार होते आणि फरशी तिला वक्रात छेदते. संपाताच्या दिवशी सूर्य विषुववृत्तावरूनच फिरतो, म्हणून ती शंक्वाकृती उघडत उघडत सपाट पातळी होते. दोन पातळ्या एकमेकींना सरळ रेषेतच छेदतात, आणि म्हणून उताराच्या फरशीवरही रेघ सरळच येते. दिवसभरात सूर्य किंचित दक्षिणेकडे सरकतो, त्याचा परिणाम या सहा तासांत दोन-तीन मिलीमीटरच्या वर जात नाही. वास्तूसाठी मोबाइलच्या कंपासवर पूर्व शोधणाऱ्यांनी हे जरूर करून पाहावं; स्लॅबमधल्या सळ्या कंपासला भरकटवतात, सावलीला नाही.

आता दुपारचं माप. नागपूर भारतीय प्रमाणवेळेच्या ८२.५ अंश रेखावृत्ताच्या पश्चिमेला ३.४ अंशांवर आहे, म्हणून इथे मध्यान्ह साडेतेरा मिनिटं उशिरा येतं. या तारखेला सूर्य घड्याळाच्या साडेसात मिनिटं पुढे असतो. वजाबाकी करून १२ वाजून ६ मिनिटं. तेव्हा सावली ३८.७ सेंटीमीटर भरते. तिला काठीच्या उंचीने भागा, ०.३८७, कॅल्क्युलेटरवर याचा व्यस्त टॅन्जंट काढा, २१.१५ अंश. हे नागपूरचं अक्षांश.

जुने ज्योतिर्गणिती हेच १२ अंगुळांच्या शंकूने, म्हणजे उभ्या खुंटीने, मोजत आणि त्या सावलीला पलभा म्हणत. नागपूरची पलभा ४.६४ अंगुळे. तिला १०, ८ आणि ३⅓ ने गुणलं की तीन चरखंडं, म्हणजे अर्ध्या दिवसाच्या वाढीचे तीन हप्ते, मिळतात: सुमारे ४६, ३७ आणि साडेपंधरा पळं. बेरीज ९९ पळं. २४ सेकंदांचं एक पळ धरून साधारण ४० मिनिटं. जूनच्या सर्वांत मोठ्या दिवशी अर्धा दिवस सहा तासांहून इतका वाढतो. आजच्या त्रिकोणमितीने उत्तर साडेअडतीस मिनिटं येतं. एका सावलीवरून अख्ख्या वर्षाचं दिनमान काढणारं हे गणित आपल्याकडे होतं, आणि पंचांग हातात घेणारे बहुतेक जण फक्त राहुकाळ बघतात. ग्रहणात परातीत मुसळ उभं करून दाखवणारेही तसेच. सपाट बुडाचं मुसळ मंगळवारी दुपारीही उभं राहतं.

सप्टेंबरअखेर नागपुरात ढगांचा भरवसा नसतो. पाऊस आडवा आला तर एक-दोन दिवस मागेपुढे चालेल, फक्त दुपारच्या मापात रोजचा ८ मिलीमीटरचा फरक धरा. २३ नंतर सावली लांबत जाते. शक्य असल्यास काठी हलवू नका आणि उत्तरेकडे मीटरभर जागा मोकळी ठेवा. २२ डिसेंबरच्या दुपारी नागपुरातली सावली ९८ ते ९९ सेंटीमीटर होते, म्हणजे जवळपास काठीएवढीच.