‘फाउलर समिती’तला फाउलर कोण होता?

स्पर्धा परीक्षेचा अभ्यास केलेल्यांना १८९८ची फाउलर समिती, रुपया, सुवर्णमान (म्हणजे सोन्यावर बांधलेलं चलन) एवढं पाठ असतं, पण हा फाउलर कोण ते कोणी विचारत नाही. माणूस मोठा इंटरेस्टिंग आहे, आणि त्याने घेतलेल्या एका निर्णयाची झळ थेट मुंबईच्या गिरण्यांना बसली, म्हणून जरा मागे जाऊन बघू.

हेन्री हार्टली फाउलर, जन्म १८३०, गाव इंग्लंडमधलं संडरलंड. वडील मेथडिस्ट पंथाचे धर्मोपदेशक, म्हणजे सरकारमान्य चर्चच्या बाहेरचे. त्यात पोरगा झाला सॉलिसिटर. आता तिकडे बॅरिस्टर आणि सॉलिसिटर यांच्यात मोठा फरक, कोर्टात उभं राहून भाषणं ठोकणार बॅरिस्टर, आणि खरेदीखतं, मृत्युपत्रं, भांडणाचे कागद तयार करून द्यायचे सॉलिसिटरने. मान अर्थातच पहिल्याला. त्यामुळे पुढे १८९२ला हा मंत्रिमंडळात, म्हणजे कॅबिनेटमध्ये बसला तेव्हा तिथवर पोचलेला पहिला सॉलिसिटर तोच, आणि पहिला मेथडिस्टही तोच असं सांगितलं जातं.

१८५५ला तो वुल्व्हरहॅम्प्टनला आला. लोखंडाचं आणि कुलपांचं गाव, सगळीकडे धूर. दोन वर्षांनी लग्न केलं ते थॉर्नीक्रॉफ्ट नावाच्या बड्या लोखंड कारखानदाराच्या मुलीशी, आणि हा सासरा गावाचा पहिला मेयर! सोयरीक कामी आली नसेल असं म्हणणं भाबडेपणाचं होईल, पण नुसत्या सोयरिकीवर तिशी ओलांडता ओलांडता मेयर होता येत नाही, फाउलर १८६३ला झाला. १८७०नंतर स्कूल बोर्ड निघालं त्याचा पहिला चेअरमनही हाच. खासदारकी मिळाली १८८०ला, पन्नाशीत, आणि मग १९०८पर्यंत गावाने त्याला सोडलं नाही.

गावकारभाराचा हा अनुभव त्याने वरती नेला. स्थानिक कारभाराचं खातं हातात असताना त्याने १८९४चा कायदा रेटून नेला, ज्यातून इंग्लंडच्या खेड्यापाड्यांत निवडून आलेल्या पॅरिश कौन्सिल आणि त्यांच्यावर जिल्हा कौन्सिल आल्या. विवाहित बायकांनाही त्यात मत देता येत होतं आणि निवडून येता येत होतं, पार्लमेंटचं मत बायकांना मिळायच्या २४ वर्षं आधी. माझ्या मते त्याचं सगळ्यात चांगलं काम हेच.

त्याच १८९४च्या मार्चमध्ये तो भारतमंत्री झाला, म्हणजे लंडनच्या सरकारात भारताचा कारभार बघणारा मंत्री, व्हाइसरॉयच्याही वरचा. इकडे सरकारची तिजोरी रिकामी होती, कारण रुपया चांदीचा, चांदी जगभर स्वस्त होत चाललेली, आणि लंडनला पेन्शन, व्याज वगैरे मात्र पौंडातच पाठवायचं. पैसा उभा करायला आयात मालावर ५ टक्के कर लावला, पण कापड आणि सूत त्यातून वगळलं! का तर लँकेशायरची, म्हणजे इंग्लंडमधल्या कापडगिरण्यांच्या मुलखाची मतं. ओरड झाली, मग डिसेंबरात कापडावरही ५ टक्के लागला, पण त्याच्या जोडीला इथल्या गिरण्यांच्या २० नंबरच्या वरच्या (नंबर जितका मोठा तितकं सूत बारीक) सुतावर तेवढाच उत्पादन कर लावला. मुंबईच्या गिरण्या तेव्हा बहुतेक जाडं सूत काढायच्या, बारीक सुताकडे वळायला जाणार तोच हा दट्ट्या.

लँकेशायरवाले एवढ्यावरही खूश नव्हते. फेब्रुवारी १८९५ला पार्लमेंटच्या कॉमन्स सभागृहात या आयात कराविरुद्ध ठराव आला, सरकार पडतंय की काय अशी हवा, आणि फाउलर बोलायला उभा राहिला. या सभागृहातला प्रत्येक सभासद हा भारताचाही सभासद आहे असा त्याचा मुद्दा, भाषण गाजलं, ठराव ३०४ विरुद्ध १०९ने पडला. वकिली म्हणून एक नंबर! फक्त त्याच सभागृहात दादाभाई नौरोजी बसले होते, खरोखरचा भारतीय सभासद, आणि भारताचा खर्च भारतावर अन्यायाने लादला जातो हे घसा कोरडा होईपर्यंत सांगत होते. त्या खर्चाची चौकशी करायला वेल्बी कमिशन नेमलं गेलं ते १८९५लाच, त्यात दादाभाईंना घेतलं, आणि १८९७ला गोखले तिथेच साक्ष द्यायला गेले.

सरकार काही महिन्यांतच गडगडलं. नव्या भारतमंत्र्याने १८९६ला कापडावरचा आयात कर साडेतीन टक्क्यांवर आणला, पण उत्पादन कर सुतावरून काढून गिरणीच्या सगळ्याच कापडावर लावला, जाड्याभरड्यावरसुद्धा. पुण्यात विदेशी कापडाची होळी झाली ती यावरून. हा बदल फाउलरचा नव्हे हे खरं, पण दार त्यानेच उघडून दिलं होतं, आणि तो उत्पादन कर हटायला १९२५चा डिसेंबर उजाडला.

आता ती समिती. १८९३ला चांदी आणून रुपये पाडून घ्यायची सोय बंद झाली होती, पुढे काय करायचं ते ठरवायला १८९८ला फाउलरला अध्यक्ष केलं. शिफारस अशी की रुपया १ शिलिंग ४ पेन्सला, म्हणजे १५ रुपयांना एक पौंड, सोन्याचं सॉव्हरिन इथे चलन म्हणून चालावं, आणि भारतातच सोन्याची नाणी पाडावीत. दर टिकला, टाकसाळ मात्र लंडनच्या अर्थखात्याने हरकती काढून काढून लटकवली, आणि देश घसरत गेला सुवर्ण विनिमय मानाकडे, म्हणजे हातात रुपया चांदीचाच पण त्याची किंमत पौंडाशी बांधलेली, ज्याची चिरफाड डॉ. आंबेडकरांनी १९२३च्या आपल्या रुपयावरच्या ग्रंथात केली.

फाउलर १९०८ला व्हायकाउंट वुल्व्हरहॅम्प्टन झाला, १९११ला वारला. मुंबईत सॉव्हरिन पडली ती शेवटी महायुद्धाच्या गरजेपोटी, १९१८ला. खाली बारीक ‘आय’ अक्षर असलेली ती नाणी जुन्या नाण्यांच्या बाजारात अजून दिसतात, सॉव्हरिन पाडणारी ही टाकसाळ पुढच्याच वर्षी बंद झाली.