मोबाईलवरचा एफएम रेडिओ

नेटबिट न वापरता, फोनमध्येच असलेल्या रिसीव्हरवर हवेतली एफएम स्टेशनं ऐकणं म्हणजे मोबाईलवरचा एफएम. आपल्याकडे त्याचा पट्टा साधारण ८७.५ ते १०८ मेगाहर्ट्झ. ॲपवर लागतो तो रेडिओ वेगळा, तो डेटा खातो आणि वर मागे चालतो, त्यामुळे मॅच असली की शेजारच्याच्या बटणवाल्या फोनवर विकेट आधी पडते आणि आपल्याकडे बॉलर अजून पळतच असतो.

सगळा खेळ इयरफोनच्या वायरचा आहे. एफएमची लहर साधारण तीन मीटर लांबीची, तिला नीट पकडायला पाऊण मीटरभर तार लागते, एवढी तार फोनच्या आत कुठे बसवणार? म्हणून बहुतेक फोन आधी 'हेडफोन जोडा' म्हणतात आणि मगच स्टेशनं शोधतात. एक कान बंद पडलेला जुना इयरफोन फेकू नका, अँटेना म्हणून तो अजून चालतो, पिन खोचायची, आवाज स्पीकरवर घ्यायचा, स्वयंपाक करताना मस्त. वायर गुंडाळून ठेवली की मात्र खरखर सुरू.

पुणे-मुंबई प्रवासात तर गंमतच आहे कारण ९८.३ वर दोन्ही शहरांत रेडिओ मिरचीच लागते, पण कार्यक्रम आणि जाहिराती आपापल्या. घाटात दोन्हीकडचे सिग्नल भांडतात आणि एफएमचा स्वभावच असा की जो जोरात असेल तोच ऐकू येतो, मग एका वळणावर मुंबईचं ट्रॅफिक, पुढच्या वळणावर पुण्यातल्या दुकानाचा सेल, आणि बोगद्यात दोघंही गायब.

नव्या फोनांतून इयरफोनची पिन खोचायचा जॅक गेला तशी ही सोय पण गेली, ब्लूटूथच्या इयरबड्सना वायरच नाही. अमेरिकेतल्या चक्रीवादळांनंतर २०१७ मध्ये आयफोनमधला एफएम चालू करा अशी मागणी झाली तेव्हा ॲपलने सांगितलं की आयफोन ७ आणि ८ मध्ये एफएमची चिपच नाही. आपल्या केंद्र सरकारनेही एप्रिल २०२३ मध्ये मोबाईल कंपन्यांना सूचना दिली की ज्या फोनात एफएम आहे तिथे तो बंद करून ठेवू नका, आणि कारण दिलं आपत्तीचं, जे पटण्यासारखंच आहे, पुरात नेटवर्क कोलमडलं तरी आकाशवाणीचा ट्रान्समीटर चालू असेल तर बातम्या कळतात. खाजगी स्टेशनांना स्वतःच्या बातम्या द्यायची परवानगी नाही, त्यामुळे अशा वेळी आकाशवाणीच लावायची.