शंभर वर्षांचा पूर म्हणजे शंभर वर्षांनी येणारा पूर नाही

कोल्हापूरला 2019 चा पूर येऊन गेला ना, तेव्हापासून ऐकतोय, "एवढा पूर शंभर वर्षांतून एकदाच येतो, आता आपल्या हयातीत काही टेन्शन नाही." मग 2021 ला पंचगंगा राजाराम बंधाऱ्यापाशी परत 55 फुटांच्या वर गेली, धोक्याची पातळी तिथं 43 फूट आहे बघा. तरी लोक तेच बोलतात.

शंभर वर्षांचा पूर म्हणजे दर वर्षी 1 टक्का शक्यता असलेला पूर, बस. नदीला मागचं काही आठवत नसतं, यंदा आला म्हणून पुढच्या वर्षीचा 1 टक्का कमी होत नाही. आता घर बांधलं आणि 30 वर्षांचं होमलोन काढलं तर तेवढ्या काळात असा पूर एकदा तरी येण्याची शक्यता जवळपास 26 टक्के होते, म्हणजे चारात एक!

आपल्याकडं पुराचं पाणी कुठपर्यंत येऊ शकतं ते दाखवणाऱ्या पूररेषा नकाशावर असतात, निळी रेषा असते ती 25 वर्षांच्या पुराची, लाल रेषा 100 वर्षांच्या. निळ्या रेषेच्या आतलं गणित तर अजून वाईट, 30 वर्षांत 70 टक्क्यांच्या पुढं. आणि हे आकडे जुन्या नोंदींवरून काढलेले असतात, पाऊस बदलला, पात्रात भराव पडले की तेही परत काढावे लागतात. लाल रेषेच्या बाहेर आहे म्हणून प्लॉट सेफ, असंही नाही, त्याहून मोठा पूर येऊ शकतोच.

प्लॉट बघायला जाताना आधी पूररेषेचा नकाशा मागा, कृपा करून.