स्टोरी आर्टिस्ट आणि रायटर: अ‍ॅनिमेशन फिल्मची गोष्ट नक्की लिहितं कोण?

अ‍ॅनिमेशन फिल्मच्या क्रेडिट्समध्ये एकीकडे स्क्रीनप्लेचं नाव येतं आणि दुसरीकडे 'स्टोरी' खाली दहा-बारा नावांची रांग, मग बऱ्याच जणांना वाटतं रायटरने स्क्रिप्ट लिहिली आणि बाकीच्यांनी तिची चित्रं काढली. जाहिरातींमध्ये साधारण तसंच चालतं, स्क्रिप्ट पास झाली की स्टोरीबोर्डवाला (स्टोरीबोर्ड म्हणजे सीनची ओळीने मांडलेली चित्रं) फ्रेम्स काढून देतो, क्लायंट हो म्हणाला की काम संपलं. पण डिस्ने-पिक्सारसारख्या ठिकाणी हे बोर्ड काढणारा स्टोरी आर्टिस्ट गोष्टीत चक्क ढवळाढवळ करतो, आणि त्याला पगार त्याचाच मिळतो.

होतं काय, की रायटरकडून सीनची पानं येतात, कधी पक्की, कधी अर्धीमुर्धी, आणि हेड ऑफ स्टोरी, म्हणजे स्टोरी आर्टिस्टांचा प्रमुख, एकेक सिक्वेन्स एकेका आर्टिस्टला वाटून देतो. तो मग ढिगाने रफ चित्रं काढतो, पात्र कुठे थांबेल, कुणाकडे बघेल, जोक कुठे बसेल हे सगळं ठरवतो, सुचले तर डायलॉगही बदलतो, आणि डायरेक्टरसमोर उभा राहून सगळ्या पात्रांचे आवाज स्वतःच काढत पिच करतो (लाजाळू माणसाचं अवघड आहे इथे). मग एडिटर त्याला तात्पुरते आवाज-म्युझिक लावून स्टोरी रील बनवतो, ते बघताना सीन पडला की पानं परत रायटरकडे, की पुन्हा पहिल्यापासून. त्यामुळे आधी स्क्रिप्ट आणि मग चित्रं असा सरळ हिशोब नसतोच.

यात भांडणंही होतात. 'ब्यूटी अँड द बीस्ट' (१९९१) ची स्क्रिप्ट लिंडा वुल्व्हर्टनने लिहिली, डिस्नेची अ‍ॅनिमेशन फीचर लिहिणारी ती पहिली बाई. तिने लिहिलं होतं की नायिका बेल नकाशावर पिना टोचतेय, तिला जिथे जिथे जायचंय तिथे, आणि स्टोरीबोर्ड होऊन आलं तर बेल किचनमध्ये केक सजवतेय! हे तिनेच नंतर मुलाखतींमध्ये सांगितलंय. शेवटी बेलच्या हातात पुस्तक आलं. एका हातातल्या वस्तूने पात्र केवढं बदलतं बघा, आणि ती वस्तू चित्र काढणारा ठरवू शकतो.

दोन्ही कामं एकाच माणसाने केल्याचीही उदाहरणं आहेत. डिस्नेच्या स्टोरी आर्टिस्ट बिल पीटने '१०१ डाल्मेशियन्स' (१९६१) ची स्क्रिप्ट एकट्याने लिहिली आणि बोर्डही स्वतःच केले. 'टॉय स्टोरी' (१९९५) मध्ये अँड्र्यू स्टँटनचं नाव स्टोरीत पण आहे आणि स्क्रीनप्लेमध्ये पण, स्टोरी आर्टिस्ट जो रॅन्फ्टचं मात्र फक्त स्टोरीत, आणि त्या फिल्मला ओरिजिनल स्क्रीनप्लेचं ऑस्कर नॉमिनेशन मिळालं तेव्हा स्टोरीवाली नावंही त्यात होती.

पुढच्या वाटा वेगळ्या जातात. स्टोरी आर्टिस्ट बरेचदा डायरेक्शनकडे वळतात, ब्रेंडा चॅपमन 'लायन किंग' ची हेड ऑफ स्टोरी होती आणि नंतर 'प्रिन्स ऑफ इजिप्त' च्या तीन डायरेक्टरांपैकी एक. रायटरला लाइव्ह-अ‍ॅक्शनचं दार उघडं असतं, वुल्व्हर्टनने पुढे 'मॅलेफिसंट' लिहिला. पैशाचा मुद्दा मात्र मला अन्यायाचाच वाटतो: अमेरिकेत लाइव्ह-अ‍ॅक्शनचे रायटर रायटर्स गिल्ड या युनियनमध्ये असतात आणि फिल्म पुन्हा विकली-दाखवली गेली की त्यांना रेसिड्युअल्स, म्हणजे दरवेळचे वेगळे पैसे, मिळतात, पण मोठ्या स्टुडिओंच्या अ‍ॅनिमेशन फीचरचे रायटर बहुतेक अ‍ॅनिमेशन गिल्डमध्ये, स्टोरी आर्टिस्टांच्याच युनियनमध्ये, आणि तिथे तसे चेक घरी येत नाहीत.

आता यात शिरायचं असेल तर रायटर व्हायला स्क्रिप्टचे नमुने लागतात, चित्रकला शून्य असली तरी चालते. स्टोरी आर्टिस्टला लागतात सलग सिक्वेन्स, रफ का असेनात, पण डायलॉग झाकून बघितले तरी काय चाललंय ते कळलं पाहिजे. रंगवून चकाचक केलेलं एकटं पोस्टर तिथे फारसं कामाचं नाही.