पिवळा धोत्रा आणि मोहरीचे तेल : जुन्या साथीची पार्श्वभूमी

डिसेंबर ते एप्रिल या काळात दख्खनच्या पडीक रानात, रस्त्याच्या कडेला पिवळी फुले आणि निळसर हिरवी काटेरी पाने दिसतात, तो पिवळा धोत्रा. काही भागांत त्याला बिलायतही म्हणतात. नावात धोत्रा असला तरी खऱ्या धोत्र्याशी त्याचे नाते नाही, कूळ अफूचे. मूळचा मेक्सिको आणि आसपासच्या प्रदेशातला. स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ मध्ये त्याचे शास्त्रीय नाव ठेवले, आर्जेमोन मेक्सिकाना. पान तोडले की पिवळा चीक निघतो, काट्यांमुळे गुरे तोंड लावत नाहीत, म्हणून जास्त चरलेल्या माळावर तोच उरतो.

तण म्हणून तो फारसा भयंकर नाही. खरी भानगड बियांची. बोंडे काटेरी, प्रत्येकात शेकडो काळ्या बिया, आकाराने थेट मोहरीसारख्या आणि तेल भरपूर. मोहरीच्या तेलात हे तेल मिसळले की होणारा आजार म्हणजे एपिडेमिक ड्रॉप्सी. १८७७ मध्ये कलकत्त्यात त्याची पहिली नोंद झाली आणि पुढच्याच वर्षी मॉरिशसमधल्या भारतीय मजुरांत तो दिसला. दोन्ही पाय सुजायचे, धाप लागायची, हृदय थकायचे. लक्षणे बेरीबेरीसारखी (सडीक तांदळावर राहणाऱ्यांना ब-१ जीवनसत्त्वाच्या कमतरतेने होणारा आजार), त्यामुळे कितीतरी वर्षे संशय तांदळावरच राहिला. १९२६ मध्ये सरकार आडनावाच्या संशोधकाने बोट धोत्र्याकडे वळवले, १९३७ मध्ये लाल आणि रॉय यांनी प्रयोगांनी त्याला आधार दिला आणि १९४८ मध्ये त्याच आडनावाच्या दुसऱ्या संशोधकाने तेलातून सँग्विनारिन व डायहायड्रोसँग्विनारिन ही विषारी द्रव्ये वेगळी काढली. या द्रव्यांनी केशवाहिन्या फैलावतात आणि त्यांतून पाणी झिरपते, सूज त्यामुळेच. डोळ्यातला दाब वाढून काचबिंदूही होतो. नुसत्या मालिशीनेही विष अंगात जाऊ शकते.

चुकून मिसळ होते, हा बचाव मात्र जपून ऐकावा. उत्तर भारतात मोहरी साधारण मार्चमध्ये काढतात, धोत्र्याच्या बिया एप्रिल-मेमध्ये पिकतात. म्हणजे मोठ्या प्रमाणातली भेसळ बहुधा व्यापारातच होते. १९९८ च्या दिल्लीतील साथीत साठहून अधिक माणसे दगावली आणि हजारो आजारी पडली. त्यानंतर त्याच वर्षी खाद्यतेल बंद पाकिटातच विकण्याचा केंद्राचा आदेश आला. महाराष्ट्रात स्वयंपाकाला पूर्वापार शेंगदाणा व करडईचे तेल, त्यामुळे या साथींचा भार मुख्यतः मोहरीचे तेल खाणाऱ्या उत्तर आणि पूर्व भारतावर पडला.

प्रयोगशाळेत तेल आणि तीव्र नायट्रिक आम्ल समप्रमाणात घेऊन हलवतात. आम्लाचा थर नारिंगी ते लालसर झाला तर संशय पक्का. पण ०.२५ टक्क्यांखालची भेसळ या चाचणीतून निसटते, तिथे क्रोमॅटोग्राफीच (मिश्रणातले घटक वेगळे करून ओळखण्याची पद्धत) लागते. हे आम्ल त्वचा जाळते, घरी हा उद्योग करू नये. घाण्यावर स्वतःची मोहरी नेणाऱ्याने मूठभर दाणे पांढऱ्या कागदावर पसरावेत. मोहरी गुळगुळीत, फोडली की आत पिवळी. धोत्र्याची बी खडबडीत, भिंगाखाली जाळीदार, आत पांढरी. आकाराने जवळजवळ सारखी असल्याने चाळणीने ती वेगळी होत नाही.

औषध म्हणाल तर खास उतारा नाही. संशयित तेल ताबडतोब बंद करायचे, बाकी लक्षणांवर उपचार. शेतात हातमोजे घालून रोप फुलायच्या आत मुळासकट उपटावे. बोंडे वाळून उकलली की बी जमिनीत पडते आणि पुढची काही वर्षे उगवत राहते.