भावस्थिती व भावाविष्कार यांचे परीक्षण

मनोविकारचिकित्सेतील मनोदशा परीक्षणात, म्हणजे रुग्णाच्या मानसिक अवस्थेच्या पद्धतशीर तपासणीत, रुग्णाची भावस्थिती, म्हणजे त्याने स्वतः सांगितलेली व काही काळ टिकून राहिलेली भावना, आणि भावाविष्कार, म्हणजे मुलाखतीच्या वेळी चेहरा, आवाज व हालचाली यांतून परीक्षकाला दिसणारी भावना, यांची नोंद स्वतंत्रपणे करतात.

परीक्षणाची पद्धतशीर रूपरेषा रूढ करण्याचे श्रेय सामान्यतः मनोविकारतज्ज्ञ अडॉल्फ मायर (१८६६–१९५०) यांना दिले जाते. वरील भेद मात्र बहुधा नंतरचा असावा. स्विस मनोविकारतज्ज्ञ ऑयगेन ब्लॉयलर (१८५७–१९३९) यांनी भावना, भावावेग व भावस्थिती या साऱ्यांसाठी एकच व्यापक संज्ञा वापरली होती, आणि ब्रिटिश ग्रंथांत दोन्ही संज्ञा आजही पुष्कळदा समानार्थी येतात. अमेरिकन मनोविकार संघटनेच्या निदानपुस्तिकेने भावस्थितीला एखाद्या प्रदेशाच्या दीर्घकालीन हवामानाची, तर भावाविष्काराला त्या त्या दिवसाच्या हवेची उपमा दिली. हा भेद काटेकोर नसला, तरी रुग्णाचे सांगणे आणि परीक्षकाचे पाहणे वेगळे ठेवण्यास तो उपयोगी असल्याने येथे स्वीकारला आहे.

भावस्थिती रुग्णाच्याच शब्दांत लिहावी, हा नियम नाशिकसारख्या ठिकाणी विशेष महत्त्वाचा ठरतो. महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाचे (स्थापना १९९८) मुख्यालय असलेल्या या शहरात वैद्यकाचे शिक्षण इंग्रजीतून होते. रुग्ण मराठीत आणि बागलाण, मालेगाव, कळवण या भागांतून आलेला असल्यास अनेकदा अहिराणीत बोलतो. ‘करमत नाही’, ‘जिवाची घालमेल होते’ आणि ‘कशात मन लागत नाही’ ही तीन वेगवेगळी गाऱ्हाणी आहेत. तिन्हींपुढे ‘उदास’ एवढेच लिहिल्यास अस्वस्थता व निरसता यांतील निदानोपयोगी फरक पुसला जातो.

भावाविष्काराचा प्रकार, तीव्रता, पल्ला (दिसणाऱ्या भावनांची व्याप्ती), स्थैर्य व सुसंगती पाहतात. निफाडची एखादी द्राक्षबागायतदार स्त्री ‘बरं आहे’ म्हणते, पण पदराचे टोक बोटाभोवती गुंडाळत राहते आणि अवकाळी पावसाचा विषय निघताच तिचे डोळे भरून येतात. अशा वेळी शब्द व आविष्कार यांतील विसंगती जशी दिसली तशीच नोंदवावी. वडीलधाऱ्यांसमोर खाली पाहून हळू बोलणे हा पुष्कळ घरांत शिष्टाचार असल्याने, त्याला मंद भावाविष्कार ठरवण्याची घाई करू नये. सपाट चेहरा छिन्नमनस्कतेत (स्किझोफ्रेनिया) आढळतो, तसाच तो कंपवातात व काही मनोविकारविरोधी औषधांच्या परिणामामुळेही आढळतो. त्यामुळे औषधांचा इतिहास घेतल्याखेरीज ही नोंद पूर्ण होत नाही. निराशा आढळल्यास आत्महत्येच्या विचारांविषयी स्पष्ट शब्दांत विचारणे आवश्यक आहे. अशा विचारण्याने तो विचार रुग्णाच्या मनात नव्याने रुजतो, हा समज निराधार आहे.