घुबडाच्या पिल्लांचा आहार
(सातारा व सांगली जिल्हे)

घुबडाचे पिल्लू पहिल्या दिवसापासून मांसाहारी असते. आईबाप पकडून आणतील तो उंदीर, सरडा किंवा किडा हेच त्याचे अन्न, आणि पाणीही बहुतेक त्यातूनच मिळते.

सातारा-सांगलीच्या गावांत माणसाच्या सर्वांत जवळ राहतात ती दोन घुबडे: गव्हाणी घुबड आणि पिंगळा. गव्हाणी घुबड पडक्या वाड्याचा माळा, देवळाचे शिखर, गोदामाचा कोनाडा अशा जागी ४ ते ७ अंडी घालते. पहिले अंडे पडताच मादी उबवायला बसते, त्यामुळे पिल्ले एकदम न निघता दोन-तीन दिवसांच्या अंतराने निघतात. थोरले पिल्लू पिसे फुटण्याच्या बेतात असते तेव्हा धाकटे अजून डोळे उघडत असते. भक्ष्य कमी पडले तर थोरल्याला आधी मिळते आणि धाकटे मरते, कधी भावंडांच्याच पोटात जाते. मात्र याच जातीत थोरले पिल्लू आपल्या चोचीतला उंदीर धाकट्याला देतानाही पाहिले गेले आहे.

सुरुवातीला शिकार नर करतो. मादी पिल्लांपाशी राहून उंदराचे बारीक तुकडे तोडते आणि भरवते. घुबडाला जवळचे नीट दिसत नाही. चोचीभोवतीच्या राठ केसांसारख्या पिसांना तुकडा लागला की पिल्लू तो चटकन ओढून घेते. दोन-तीन आठवड्यांनी ते लहान उंदीर डोक्याकडून अख्खा गिळू लागते. मग मादीही शिकारीला निघते, कारण वाढते पिल्लू एका रात्रीत तीन-चार लहान उंदीर सहज संपवते. अन्न मागताना पिल्ले फुसफुसतात. माळ्यावर साप किंवा भूत असल्याची वदंता पुष्कळदा या आवाजातून निघते.

न पचलेले केस आणि हाडे पोटात गोळा होऊन गोळीच्या रूपाने तोंडावाटे बाहेर पडतात. घरट्याखालची अशी गोळी पाण्यात भिजवून सोडवली, की उंदराची कवटी, चिचुंद्रीचे दात वेगळे करता येतात. पिल्लांनी काय खाल्ले याचा इतका सरळ पुरावा दुसरा नाही.

पिंगळ्याची पिल्ले आंब्या-वडाच्या ढोलीत वाढतात. त्यांच्या खाण्यात नाकतोडे, भुंगेरे, पाली आणि लहान उंदीर असतात. रस्त्यावरच्या दिव्याखाली झडप घालणारा पिंगळा बहुधा ढोलीसाठीच किडे नेत असतो. माण, खटाव, जत, आटपाडीसारख्या कोरड्या मुलखात ओढ्याच्या दरडीत शृंगी घुबड घरटे करते. त्याची पिल्ले उंदीर-घुशींबरोबर ससा आणि तित्तरही खातात, आणि उडता येण्याआधीच घरट्याबाहेर चालत फिरू लागतात.

जुने झाड तोडले किंवा वाडा पाडला की पिल्ले माणसांच्या हाती लागतात. मग दूध, भिजवलेली पोळी, दहीभात असे काहीबाही चारले जाते. हेतू चांगला असला तरी हे त्यांना पचत नाही. नुसते मटणाचे तुकडेही पुरत नाहीत, कारण हाडांतले कॅल्शियम न मिळाल्याने पाय वाकडे होतात. चोचीत पाणी सोडल्यास ते श्वासनलिकेत जाऊन पिल्लू दगावू शकते. गारठलेल्या पिल्लाला अन्न पचत नाही, म्हणून ऊब आधी आणि खाणे नंतर. शक्यतो त्याला त्याच ढोलीत परत ठेवावे. माणसाचा हात लागलेल्या पिल्लाला आईबाप टाकतात, हा समज चुकीचा आहे. ते जमले नाही तर वनविभागाला १९२६ वर कळवावे. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ नुसार घुबड घरी पाळता येत नाही.

घुबडाला दगड मारला तर ते तो उचलून झिजवत बसते आणि दगडासारखा मारणाराही झिजत जातो, असे खेड्यांत सांगतात. या भीतीने काही घरटी वाचली असतील. विषाच्या बाबतीत मात्र अशी भीती कोणी घालत नाही. ऊसतोडीनंतर फड मोकळा होतो, उंदीर उघड्यावर येतात आणि घुबडांची चंगळ होते. त्याच शेतांत उंदरांसाठी ब्रोमाडिओलोनसारखे विष टाकले जाते. ते खाल्लेला उंदीर लगेच मरत नाही, काही दिवस सुस्तावून फिरत राहतो. असा उंदीर घुबडाला सहज सापडतो आणि थेट घरट्यात जातो.